हेल्गाबाई मालिकेत वाचते

हेल्गाबाई मेली नाही, हे मला भोपाळच्या बिट्टन मार्केटच्या हाटात कळलं. गुरुवार होता, फेब्रुवारी संपत आला होता, आणि मी मेथीच्या जुडीतली पिवळी पानं भाजीवाल्याच्या नाकाशी धरून त्याच्याशी हुज्जत घालत होतो. हुज्जतीला तसं कारण नव्हतं. मेथी माझ्या बायकोला, प्रतिभाला, चालत नाही. चालते ती उकळून, पाणी फेकून, चोथा झाल्यावर चमचाभर. पण चार तास कुठंतरी काढायचे असतात आणि भांडायला कुणीतरी लागतं. मागे पोह्यांच्या गाडीशी दोन कॉलेजची पोरं उभी होती. एक दुसऱ्याला सांगत होता, "हेल्गा को बचा लिया इन लोगों ने. पूरे गेम की ऐसी-तैसी कर दी." मी मेथी हातात घेऊनच वळलो आणि विचारलं की बेटा, कुठली हेल्गा, ती धरणावरची? त्या पोरानं मला वरपासून खालपर्यंत पाहिलं. सत्तर वर्षांचा म्हातारा, हातात पिशवी, कानात केस. मग तो जरा ओशाळला, म्हणाला की सॉरी अंकल, शेवटचा भाग आज सकाळीच आलाय, तुमची मजा गेली. मी म्हटलं नाही रे बाबा, मजा कसली, तू मला नीट सांग, ती नक्की वाचते ना? नक्की, म्हणाला. नातीबरोबर समुद्राकाठी मासे विकते शेवटी. त्याच्या डोक्यावरून हात फिरवायचा तेवढा मी बाकी ठेवला. मी तिथंच भाजीवाल्याच्या पोत्यावर बसलो. भाजीवाला म्हणाला, बाऊजी, मेथी घ्या नाहीतर राहू द्या, पण कांद्यांवरून उठा.

हेल्गाबाई कोण, तर कोणी नाही. एका व्हिडिओ गेममधली बाई. त्या गेमचं इंग्रजी नाव मला आजही धड उच्चारता येत नाही; घरात आम्ही त्याला 'धरण' म्हणतो. आमचा हर्षल कॅनडाला गेला तेव्हा त्याची ती काळी पेटी इंद्रपुरीच्या घरात टीव्हीखाली पडून होती. धूळ पुसायच्या निमित्तानं मी ती तीनदा विकायला काढली होती. मग पाच वर्षांपूर्वी प्रतिभाची किडनी गेली. साखरेनं आधी डोळे खाल्ले होते, मग किडनी. नवीन किडनी बसवावी तर हृदय ते सोसणार नाही, असं सगळ्यांनी सांगितलं. मग डायलिसिसचं मशीन. मंगळ, गुरु, शनि. डाव्या हातात शीर जोडून ठेवलीय, तिथं बोट ठेवलं की आत घूं-घूं लागतं. मी आयुष्यभर कारखान्यात मशीनच्या बेअरिंगला कान लावून बसणारा माणूस, त्यामुळे रोज सकाळी चहाच्या आधी मी तिथं तळवा ठेवतो. घूं-घूं आहे म्हणजे शीर चालू आहे. प्रतिभा म्हणते, झाली का हजेरी? मशीनच्या दुसऱ्या दिवशी तिच्यात काही उरलेलं नसायचं. प्राथमिक शाळेत तीस वर्षं शिकवलेली बाई, पुस्तकाशिवाय जेवली नाही कधी, पण आता पुस्तकातली अक्षरं दिसेनात. टीव्हीवरची दिसत. एका सुट्टीत हर्षल आला, त्यानं ती पेटी जोडून दिली आणि तिच्या हातात ते बटणांचं यंत्र ठेवून म्हणाला, आई, ह्यात घाई नाही, नुसती हिंडत राहा. मी म्हटलं झालं, आता म्हातारपणी ही बंदुका चालवणार. पण त्यात बंदुका नव्हत्या. पाणी होतं.

कुठल्यातरी थंड मुलखात एक नदी चढत चाललीय आणि गावंच्या गावं उठून डोंगराकडे निघालीत, एवढीच गोष्ट. आपण एक पंधरा-सोळा वर्षांची मुलगी असतो. वाटेत माणसं भेटतात. त्यांतली एक हेल्गाबाई. धरणाच्या चौकीत राहते, दारं उघडते, बंद करते, आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला सूप घालते. जाड बाई, गुडघे दुखतात, बोलणं फटकळ. प्रतिभाला ती पहिल्याच दिवशी आवडली. मला म्हणाली, ही आपल्या अकोल्याच्या मावशीसारखी आहे, जेवू घालते आणि वर ओरडते. खाली इंग्रजी वाक्यं यायची. प्रतिभा अडलं की गेम थांबवायची आणि मला शब्दकोश बघायला लावायची. दिवसाला सातशे मिली पाण्याचं तिचं बंधन. चहा, वरण, औषधाचा घोट, सगळं त्यात. तोंडाला कोरड पडली की बर्फाचा खडा चघळायचा. आणि समोर भिंतभर पाणी, नुसतं पाणी, खिडक्यांतून आत येणारं. मी एकदा चिडून म्हटलं, दुसरं काही बघ की, ह्यानं तहान वाढत असेल. ती म्हणाली की नाही हो, उलट बरं वाटतं.

त्या धरणाचं एक दार आतूनच पाडावं लागतं. आत जाईल तो बाहेर येत नाही. हेल्गाबाई स्वतःहून आत जाते. आणि बाहेरून त्या दाराचं चाक फिरवून ते पक्कं करायचं असतं, ते आपण. म्हणजे खेळणाऱ्यानं. बटण दाबायचं आणि दाबून धरायचं. मी मोजलंय, चाळीसपर्यंत आकडे होतात. तेवढा वेळ हातातलं यंत्र थरथरत राहतं. मधेच अंगठा उचलला तर चाक उलटं फिरतं, पाणी आत घुसतं, सगळे बुडतात आणि गेम आपल्याला परत सूपापाशी आणून सोडतो. दुसरी वाट नाही. हर्षलला विचारलं तर म्हणाला की नाहीच आहे, लोकांनी खूप शोधली. प्रतिभा तीन वर्षं त्या चाकापर्यंत जात होती आणि अंगठा उचलत होती. मग पुन्हा सूप. पुन्हा त्या चौकीत बसायचं, चुलीपाशी उभं राहायचं, हेल्गाबाईची तीच तीच वाक्यं ऐकायची. मग आवराआवर करून टीव्ही बंद. हर्षल फोनवर हसायचा की आई, पुढे अर्धा गेम बाकी आहे. ती म्हणायची, असू दे, मला पुढचं काही नको.

यंदाच्या संक्रांतीला मंडळात हळदीकुंकू होतं. तिच्या मैत्रिणींनी फोन केले, गाडी पाठवतो म्हणाल्या. पाय सुजलेले, साडी नेसवेना, ती गेली नाही. दुपारी गेम लावून बसली. मी शेजारी पेपर वाचत होतो, म्हणजे तोंडासमोर पेपर धरून बसलो होतो. एकाएकी लक्षात आलं की ती थरथर नेहमीपेक्षा जास्त वेळ चाललीय. पेपर खाली केला. प्रतिभाचा अंगठा बटणावर होता, नख पांढरं पडलं होतं, आणि तिच्या डोळ्यांतून नुसतं पाणी वाहत होतं. दाराच्या आतून हेल्गाबाईचा आवाज येत होता, फिरव पोरी, मी थकलेय, फिरव. मग चाक अडकल्याचा खट् आवाज आला आणि थरथर थांबली. प्रतिभानं यंत्र मांडीवरून काढून टीपॉयवर ठेवलं, पदरानं तोंड पुसलं आणि माझ्याकडे वळली.

"अहो, मला आता मशीनवर नेऊ नका," ती म्हणाली. "किती जड जातं ते मला आत्ता कळलंय. तरी सांगतेय. पण तुम्ही मनापासून हो म्हटल्याशिवाय मी थांबवणार नाही. तुमच्यावर टाकून नाही जाणार."

मी पेपरची घडी केली. उभी, मग आडवी, मग परत उभी. म्हटलं, तुला भूक लागलीय, शिरा करतो. कपाळ माझं. चाळीस वर्षांच्या संसारात त्या बाईनं माझ्याकडे एवढं एकच मागितलं आणि मी रवा भाजायला उठलो.

आता माझ्याबद्दल सांगायला हवं. कारखान्यात बत्तीस वर्षं मी इन्स्पेक्शनला होतो. टर्बाइनची पाती, शाफ्ट, कसल्या कसल्या रिंगा माझ्या टेबलावर यायच्या. पास मालाला हिरवा रंग, भंगारात जायच्या मालाला लाल, आणि दुरुस्तीला परत जायच्या मालाला पिवळा. माझ्या हातून लाल लागत नसे. काही ना काही निघायचंच: इथं वेल्डिंग भरा, तिथं घासून घ्या, परत आणा. सहा-सहा वेळा एकच तुकडा माझ्याकडे यायचा. कामगार मला मागून 'पीलेवाले साहब' म्हणायचे आणि मला ते आवडायचं, खोटं कशाला बोलू. मला वाटायचं, मी माल वाचवतो. एकदा आमचा म्हातारा फोरमन म्हणाला की साहेब, ह्या लोखंडाला तुम्ही इतकं तापवलंय की आता ह्याच्यात जीव नाही, ह्याला जाऊ द्या. मी त्याला झापला. माल मात्र खोटा पास केला नाही कधी, हेही सांगतो. जे माप असेल तेच कागदावर लिहिलं. त्या बाबतीत माझ्याकडे बोट दाखवणारा भोपाळात सापडणार नाही. सापडणार नव्हता.

मशीनच्या तिथल्या डॉक्टर अदिती मॅडमना प्रतिभानं स्वतःच विचारलं, माझ्यादेखत. ती पोरगी चांगली आहे, हर्षलपेक्षा लहान असेल. तिनं खुर्ची ओढून घेतली आणि आडपडदा न ठेवता सांगितलं. थांबवता येतं, तो प्रतिभाताईंचा हक्क आहे. त्यानंतर दहा-बारा दिवस निघतात, कधी थोडे जास्त. श्वासाचं, दुखण्याचं औषध आम्ही देऊ, घरी येऊन देऊ, तडफडू देणार नाही. फक्त घरच्यांचं एकमत असावं, नाहीतर ऐन वेळी माणसं घाबरून ॲम्ब्युलन्स बोलावतात आणि मग सगळेच हाल. असं म्हणून तिनं माझ्याकडे पाहिलं. मी छताकडे. परतताना चेतक पुलावर ऑटोत प्रतिभा म्हणाली की त्या दिवसांत मी माठातलं पाणी पिणार, तांब्यानं, घटाघटा. आणि हापूस नसला तरी चालेल, कुठल्याही आंब्याचा वाटीभर रस. ती हे इतक्या हौसेनं बोलत होती की मला तिचा राग आला. खरंच राग आला. मी म्हटलं, माझं काय? ती बाहेर बघत म्हणाली की तुमचं कठीणच आहे हो. पुढे रोज मी काहीतरी काढत गेलो. आधी हर्षल येऊन जाऊ दे. मग इंदूरचा एक नवा डॉक्टर बघू. मग थंडी सरू दे. पिवळा, पिवळा, पिवळा. तिनं एकदाही आवाज चढवला नाही. मंगळ, गुरु, शनि तयार होऊन बसायची.

त्यातच त्या गेमवरून मालिका आली. दर गुरुवारी एक भाग, हिंदीत सुद्धा. आम्ही शुक्रवारी दुपारी बघायचो, गुरुवारी तिच्यात बघायचं त्राण नसायचं. हिंदी आवाजातली हेल्गाबाई एखाद्या खानदानी बेगमसारखी बोलायची, त्यावर प्रतिभा पोट धरून हसायची. मी मात्र किती भाग उरले ते मोजत बघत होतो. शेवटच्या भागात काय होणार हे मला माहीत होतं. ते दार, ते चाक. त्यानंतर प्रतिभा माझ्याकडे वळणार आणि ह्या खेपेला शिरा पुरणार नाही.

म्हणून त्या कांद्यांवर बसल्या बसल्या मला जे झालं ते आनंदच होता, दुसरं नाव नाही त्याला. वाचली. गेममध्ये मेलेली बाई मालिकेवाल्यांनी परत घेतली, घासली, पुसली आणि चालू केली. करता येतं म्हणजे. मी उठलो आणि मेथी तिथंच टाकून चालायला लागलो. ऊन बरं वाटत होतं, कुठंतरी जिलबी तळत होते, आणि पाय आपोआप पडत होते. वाटेत मला ती युक्ती सुचली. सुचली म्हणणं बरोबर नाही. ती आधीपासून तयार असल्यासारखी डोक्यात उभी होती, मी फक्त तिच्याकडे पाहिलं. मी थांबलो, एका बंद दुकानाच्या पायरीवर बसलो आणि स्वतःला समजावलं की हे वाईट नाही. नवरा-बायकोत गंमत म्हणून पैज लागतेच की. लग्न झालं त्या वर्षी आम्ही नागपूरला जाताना आगगाडीत पुढच्या स्टेशनच्या नावावरून पैजा लावायचो, आणि वेळापत्रक माझ्या खिशात असायचं. ती लटकं चिडायची. तेव्हा चाललं, तर आता का चालू नये? असं मी स्वतःला सांगितलं. मशीनच्या खोलीत गेलो तेव्हा तिचा तिसरा तास चालू होता. ती घोंगडी पांघरून पडली होती, उजव्या हातात फोन होता, तो तिनं मला बघून उशीखाली सरकवला. मी स्टुलावर बसलो.

"प्रतिभा, उद्या शेवटचा भाग आहे," मी म्हटलं. "हेल्गाबाई गेली, तर मी हो म्हणेन. मनापासून. वाचली, तर तू मशीन सोडायचा विषय काढायचा नाही. कबूल?"

ती माझ्याकडे बघत राहिली. नळ्यांतून तिचं रक्त जात होतं, येत होतं. मला घाम फुटला होता आणि मी तो उन्हानं आलाय असं दाखवत रुमालानं पुसत होतो. मग ती म्हणाली, कबूल. आणि डोळे मिटून घेतले.

शुक्रवारी मी पडदे ओढले, तिच्या पायांखाली उशी दिली, बर्फाचे खडे वाटीत आणून ठेवले. आपण अगदी काही माहीत नसल्यासारखं बसायचं म्हणून मी मुद्दाम दोन-तीनदा 'अरे देवा' केलं. लाज वाटते आता. दाराचा प्रसंग आला. हेल्गाबाई आत गेली. आणि मालिकेत ते दार कुणी बंद केलंच नाही. एक मोटर सुरू झाली, दार आपोआप खाली आलं, आतल्या भुयारातून बाई पलीकडे निघाली. मला तेवढ्यातही वाटून गेलं की वीज तर मालिकेच्या दुसऱ्या भागातच गेली होती, मग ही मोटर कशावर चालली? पण मी गप्प बसलो. इन्स्पेक्शनला बत्तीस वर्षं काढलेला माणूस गप्प बसला. मग समुद्र, मग नात, मग मासे. ते खूप छान संगीत लावतात अशा वेळी. संपल्यावर मी प्रतिभाकडे बघायचं टाळून पडदे उघडायला उठलो. ती मागून शांतपणे म्हणाली, "चाक कुणी फिरवलंच नाही." मी म्हटलं हो ना, बदललंय बरंच. ती म्हणाली की बरं, हरले मी, उद्या शनिवार आहे, डबा लवकर लागेल. मी स्वयंपाकघरात गेलो आणि ओट्याला धरून उभा राहिलो. जिंकल्याचा आनंद इतका झाला होता की तिचा घासलेला डबा मी पुन्हा दोनदा घासला. असं मी तेव्हा समजत होतो.

मार्च गेला. एप्रिल गेला. तिनं शब्द पाळला. मशीनवर पोटऱ्यांत पेटके यायचे, ती उशीचा कोपरा दातांत धरायची. दोनदा बीपी इतकं उतरलं की सगळे धावत आले. डाव्या पायाचा अंगठा काळा पडला, तो काढला. मग शेजारचं बोट. जखम भरत नाही, रोज ड्रेसिंग, त्याचा वास सगळ्या घरात. मी उदबत्ती लावतो, तिला त्यानं ठसका लागतो, मग विझवतो. झोपेत ती पाणी मागते आणि जागी झाली की नाही म्हणते. मे महिन्यात इंद्रपुरीत घरांच्या भिंतीसुद्धा तापतात. माठ स्वयंपाकघरात होता, तिथं तो झिरपायचा, त्याचा गार वास बाहेरच्या खोलीपर्यंत यायचा. मी तो माठ मागच्या बाल्कनीत नेऊन ठेवला. ती म्हणाली, कशाला हलवलात, वास तरी येत होता. हजेरी घ्यायला मी अजून रोज सकाळी तळवा ठेवतो. घूं-घूं चांगली आहे. बाकी सगळी बाई संपत चाललीय आणि ती शीर मात्र ठणठणीत. अदिती मॅडमनं मागच्या आठवड्यात मला एकट्याला बाहेर बोलावलं, म्हणाली की काका, त्या आता विचारत नाहीत, तुमचं काही बोलणं झालंय का? मी म्हटलं, हो, तिनं विचार बदलला.

परवा, रविवारी, मी ड्रेसिंग करत होतो. चिकटपट्टी ओढताना कातडी निघाली. तिनं आवाज केला नाही, पण मला सहन झालं नाही, मी तसाच फरशीवर बसून रडायला लागलो. म्हटलं, प्रतिभा, मी तुला फसवलं. मला आदल्या दिवशीच कळलं होतं, हाटात, ती वाचते म्हणून. मी खोटी पैज लावली. मला वाटलं होतं ती आता ओरडेल, निदान तोंड फिरवेल. ती माझ्या डोक्यावर हात ठेवून म्हणाली, "मला ठाऊक होतं. हर्षलनं त्या दिवशी सकाळीच कळवलं होतं. तुम्ही आलात तेव्हा फोनवर अक्षरं मोठी करून तेच वाचत होते मी."

मग हो कशाला म्हणालीस? मी विचारलं. ती जरा हसली. हसताना तिचे ओठ फुटतात, रक्त येतं, म्हणून हल्ली ती हसत नाही; तेव्हा हसली. म्हणाली की तुम्ही असा घाम पुसत स्टुलावर बसला होतात. वेळापत्रक खिशात घेऊन बसायचात ना, अगदी तसे. तुमच्यानं ते चाक फिरणार नाही, हे मला तेव्हा दिसलं. माझ्याकडून तीन वर्षं नाही फिरलं, आणि ती तर नुसती चित्रातली बाई. मग म्हटलं, जाऊ दे, ह्यांना जिंकू दे. मी म्हटलं, आता? ती म्हणाली, आता काही नाही. पैज ती पैज. मी विचारणार नाही. तुम्हाला कधी वाटलं तर तुम्ही सांगा, मी इथंच आहे.

मी इथंच आहे म्हणाली. ह्या पायानं कुठं जाणार होती? सोमवारचा सगळा दिवस मी 'हो' हा एक शब्द तोंडात घोळवत घरभर फिरलो. स्नानघरात, नळ सोडून, मोठ्यानं म्हणून पाहिला. आवाज बरा येत होता. तिच्यासमोर आलो की वाटायचं, आधी जेवू दे. मग वाटायचं, आत्ता डोळा लागलाय, उठली की. उठली तेव्हा तिला जरा बरं वाटत होतं, तिनं खिडकीतून दिसणाऱ्या गुलमोहराबद्दल काहीतरी सांगितलं, आणि मला वाटलं, बघ, आज किती चांगली बोलतेय. मी शोधतच असतो. तिच्यात कुठं थोडं घासून, भरून घेण्यासारखं उरलंय का, ते मी शोधत असतो आणि मला ते दर वेळी सापडतं. दहा-बारा दिवस. त्यानंतर ह्या घरात सकाळी उठून मी तळवा कुठं ठेवू? हा प्रश्न तिच्या पायापेक्षा मोठा नाही, हे मला कळतं. मला सगळं कळतं. कळण्यात माझं कधीच काही कमी पडलं नाही.

आज मंगळवार. सकाळी साडेसातला ती तयार होऊन दाराजवळच्या खुर्चीत बसली होती. मांडीवर डब्याची पिशवी, पिशवीत घोंगडी. केस मीच विंचरून दिले होते, भांग जरा वाकडा पडला होता. उजव्या पायात चप्पल तिची तिनं घातली होती. डावा पाय, पट्टी बांधलेला, फरशीवर तसाच होता आणि त्याची ती मोठी, कापडी चप्पल समोर पडली होती. खाली ऑटो आला, त्यानं दोनदा भोंगा दिला. प्रतिभानं वाकायचा प्रयत्न केला नाही. ती माझ्याकडे बघत होती. मागत नव्हती काही, रागही नव्हता, नुसती बघत होती, आणि घाई नव्हती तिला. मी दारात उभा होतो. वरून ऑटोवाल्याला हातानं 'जा' म्हणायला मला दोन पावलं गॅलरीत जावं लागलं असतं. तो 'हो' माझ्या तोंडात आला होता, अगदी दातांपर्यंत आला होता. भोंगा तिसऱ्यांदा वाजला. मी खाली बसलो, तिचा पाय हातात घेतला, तो तापलेला होता. मी त्यात चप्पल घातली आणि पट्टा लावला.

"चल," मी म्हटलं, "उशीर होतोय."

"चला," ती म्हणाली, आणि उठवायला हात पुढे केला.